सोळा गुंठ्यांची प्रेरी

मी एकतीस वर्षं शाळेत इतिहास शिकवला. तहांच्या तारखा, घाटांची नावं, कोण कुठल्या खिंडीत अडला, सगळं तोंडपाठ. निवृत्तीनंतर घरात बसून बायकोच्या डोक्याला ताप नको म्हणून नोकरी धरली, आणि ती मिळाली थेट कॅनडाच्या पश्चिमेकडल्या गवताळ मैदानांवर. म्हणजे मैदानं कॅनडातली, नोकरी पौडच्या पुढं. माझा हुद्दा वसाहत-निरीक्षक. डोक्यावर काळी हॅट, अंगात लोकरीचा लांब कोट, हातात जाड नोंदवही आणि कोटाखाली कुणाला दिसत नाही म्हणून पायात चपला. एप्रिलच्या उन्हात तो कोट घालून तासभर उभं राहिलो की शाळेतली सगळी नाठाळ पोरं मला देवमाणसं वाटायला लागायची.

हा सगळा उपद्व्याप निषादचा. त्याचे आजोबा साठ वर्षांपूर्वी पुण्याहून कॅनडातल्या सस्कॅचवान नावाच्या प्रांतात गेले. निषाद तिथंच जन्मला, तिथंच वाढला आणि हिंजवडीत मोठ्या पगारावर इकडं आला. त्याचं मराठी आजोबांकडून आलेलं, त्यांच्याच काळातलं, पेटीत घडी घालून ठेवलेलं. 'आपली अनुज्ञा असावी', 'मी आपला ऋणी आहे', असं तो रिक्षावाल्याशीही बोलायचा. पोरगा गुणी, पण त्याला प्रेरीची आठवण यायला लागली. आठवण आली की माणूस फोन करतो, जुने फोटो बघतो. ह्यानं अठरा एकर जमीन घेतली.

प्रेरी म्हणजे डोळा पोचेल तिथवर सपाट गवत. मुळशीत डोळा चार पावलांवर टेकडीला अडकतो. निषादनं पश्चिमेची एक टेकडी जेसीबी लावून सपाट केली, तर मागून दुसरी उभी राहिली. ती कापायची सोय नव्हती, कारण ती वनखात्याची. मग त्यानं दोनशे फुटांचा निळा फ्लेक्स छापून आणला, त्यावर आकाश आणि खाली पिवळ्या गवताची सरळ रेघ. क्षितिज म्हणून तो बांबूंवर ताणला. तिसऱ्याच दिवशी क्षितिजाच्या उजव्या कोपऱ्यात कुणा भाऊंच्या वाढदिवसाच्या शुभेच्छा चिकटल्या, खाली बावीस शुभेच्छुकांचे फोटो. निषाद ते काढायला निघाला, तेव्हा गावातल्या जाणत्यांनी त्याला बाजूला घेऊन समजावलं. क्षितिज तसंच राहिलं. पाहुण्यांनी विचारलं तर मी सांगायचो, त्या काळी तिकडं निवडणुका फार जोरात असत.

पुण्याहून आणि हिंजवडीहून लोक शनिवार-रविवार ही नकली वसाहत तिकीट काढून बघायला येत. दर शनिवारी चार वाजता हिमवादळ व्हायचं. लग्नात वापरतात ती फेसाची दोन यंत्रं सुरू व्हायची आणि चाळीस अंश तापमानात पाहुणे कुडकुडल्यासारखं करत घरापासून गोठ्यापर्यंत बांधलेला दोर धरून चालायचे. तिकडं खरोखरच असे दोर बांधत, नाहीतर माणूस अंगणात हरवून गोठून मरायचा. मोकळ्या वेळेत त्या दोरावर गोधड्या वाळत असत. गवताळ रानातल्या गव्यांची उणीव जोहराबीची म्हैस भरून काढायची. तिच्या पाठीवर तपकिरी गालिचा शिवलेला होता. जोहराबी म्हणजे पौडच्या हाफीज किराणावाल्यांची बायको. तीन नंबरच्या प्लॉटवर तिला पगारी वसाहतवाली नेमलं होतं, म्हशीसकट. गालिचामुळं म्हैस दूध चोरते, ही तिची तक्रार मी नोंदवहीत तीनदा लिहून घेतली होती.

इतिहासाची बाजू माझ्याकडं होती, आणि ती मी चोख सांभाळली, हे मला अभिमानानं सांगायचंय. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी तिथल्या सरकारनं सगळ्या जगाला बोलावलं. या, एकशे साठ एकर घ्या. तीन वर्षं जमिनीवर राहा, तीस एकर गवत मोडून नांगरा, घर बांधा. मग निरीक्षक येईल, दोन शेजारी शपथेवर साक्ष देतील आणि जमीन तुमची होईल. निषादला हे सगळं हुबेहूब पाहिजे होतं, पण जागा कमी. म्हणून त्यानं दहा एकरांचा एक गुंठा धरला आणि वर्षाचा एक महिना. एकेका कुटुंबाला सोळा गुंठे, मोडायचे तीन गुंठे, राहायचं तीन महिने. मार्चच्या एक तारखेला सुरुवात आणि मेच्या शेवटच्या रविवारी जमिनीचे कागद द्यायचा सोहळा. हे नियम मराठीत मीच लिहिले, सुवाच्य अक्षरात, आणि ते फाटकाजवळ लाकडी फळीवर रंगवले गेले. जो या अटी पूर्ण करील, त्या जमिनीचा मालक तो होईल. खाली सही, निषाद. फळी इतकी खरी वाटायची की लोक तिच्यासमोर फोटो काढायचे.

आणि रोज सकाळी नऊला निषाद भोंग्यावरून एक मजकूर वाचायचा. "आम्ही आदरपूर्वक आणि कृतज्ञतापूर्वक मान्य करतो, की आपण ज्या भूमीवर उभे आहोत ती पूर्वापार शेडगे घराण्याची भूमी आहे."

मी त्याला पहिल्याच दिवशी विचारलं होतं, हे कशाला? तो म्हणाला, त्याच्या देशात प्रत्येक कार्यक्रमाच्या आधी असं वाचतात. वसाहती व्हायच्या आधी जे लोक तिथं राहत होते, त्यांचं नाव घेतात.

"मग जमीन परत देतात का?" मी विचारलं.

"नाही," निषाद प्रामाणिकपणे म्हणाला, "मान्य करतात."

शेडगे घराण्यातली दोन माणसं तिथंच कामाला होती. एक वाल्मीक, माझा जुना विद्यार्थी, सातवीत इतिहासात दोनदा नापास. जमीन त्यानंच विकली होती, दोन वर्षांपूर्वी, आईला न विचारता. आता तो त्याच जमिनीच्या फाटकावर लाल डगला आणि रुंद काठाची टोपी घालून घोड्यावर बसायचा. तो वसाहतीचा घोडेस्वार पोलीस होता. घोडा पिरंगुटहून आणलेला, वरातीतला. कुठंही गाणं वाजलं की नाचायला लागायचा.

दुसरी त्याची आई, गोजराबाई. पासष्टीची, काटक, बोलायला फटकळ. जमीन विकल्यापासून ती वाल्मीकशी बोलत नव्हती. एका घरात राहून एक शब्द नाही. जेवायला वाढायचं तरी भिंतीकडं बघून 'ताट मांडलंय' म्हणायची. हिला इथं नोकरी करायची बुद्धी कशी झाली, ते मला कळेना. चार नंबरचा प्लॉट मागून घेतला होता तिनं. तो म्हणजे तिच्याच घरचं खाचर, भाताचं रोप तयार करायचं.

पहिल्याच दिवशी तिनं मला फळीसमोर उभं केलं. "सर, ह्यावं काय लिवलंय त्ये वाचा बरं."

मी वाचलं. एवढं मन लावून माझा इतिहास आजवर कुणी ऐकला नव्हता. मला फार बरं वाटलं.

"ऱ्हायाचं म्हंजी निजायचं बी हितंच का?"

"हो. मुक्काम जमिनीवर पाहिजे. त्याशिवाय दावा टिकत नसे."

"अन् साक्षीदार? बाया चालत्यात?"

"शेजारी पाहिजेत, बाई की पुरुष ते कायद्यात नव्हतं," मी ऐटीत सांगितलं. हे मी कुठं वाचलं नव्हतं, पण बोलून गेलो. आयुष्यभर मुलांना हेच करू नका म्हणून सांगत आलो होतो.

त्या दिवसापासून गोजराबाई घरी गेली नाही. बाकीचे वसाहतवाले सहाला कपडे बदलून बस पकडायचे. ही तिथंच चूल पेटवायची. निषादनं सुरुवातीला कामाचे तास वगैरे समजावून पाहिलं, मग तिची निष्ठा बघून भारावला. तिकडच्यासारखं गवताच्या मुळांसकट कापलेल्या ढेकळांचं घर बांधायचं होतं. इतरांनी दोन दोन फुटांच्या भिंती उभ्या करून फोटोपुरतं भागवलं. हिनं पुरं घर बांधलं, वर गवताचं छप्पर, आत शेणानं सारवलेली जमीन. तीन गुंठे मोडायचे, तर तिनं पाच मोडले. कुदळीनं, एकटीनं. पाहुणे टाळ्या वाजवायचे. ती त्यांना म्हणायची, "टाळ्या काय वाजवता, ह्यो दगुड उचला." मग हिंजवडीचे इंजिनीअर दगड उचलायचे आणि त्याला अनुभव म्हणायचे.

न राहवून एकदा मी विचारलं, "गोजराबाई, हे सगळं कशासाठी?"

तिनं मला घरात नेलं. चुलीच्या मागं कोनाड्यात एक मडकं होतं, तोंड शेणानं लिंपलेलं. तिनं ते मांडीवर घेतलं.

"आंबेमोहोर भात हाय. आमच्या घरचा. सासूनं मला दिला, तिला तिच्या सासूनं. दर साली पेरायचा, दर साली ठिवायचा. ह्यानं जिमीन इकली त्यापून दोन पावसाळं मडक्यात पडून हाय. तिसरा न्हाई निगायचा. बी मरंल."

"मग कुणाच्या तरी खाचरात पेरा की."

"कुनाच्या? भुकूममदी बिल्डिंगी, पिरंगुटात कंपन्या. भावकीनं समद्यांनी फुकून टाकली. ज्यांची हाय त्ये इंद्रायणी भात लावत्यात. शेजारी लावला तर भेसळ हुती, मग आमचा काय ऱ्हायला? आन् सर, तुमची हुती की जिमीन भुकूममदी."

मी विषय बदलला. माझीही होती. आता तिथं आठ मजले उभे आहेत आणि जिथं आमची विहीर होती तिथं लिफ्ट आहे. मी पिरंगुटात तिसऱ्या मजल्यावर राहतो आणि दुसऱ्यांना जमिनीचे नियम वाचून दाखवतो. वाल्मीकला मी पुष्कळ नावं ठेवली, पण मी काही निराळं केलं नव्हतं.

एप्रिलच्या अखेरीस तिनं राब भाजला. भाताचं रोप टाकायच्या जागेवर शेण, पालापाचोळा, वाळकं गवत पसरून, वर माती टाकून ते जाळायचं, की तण मरतं आणि रोप जोमानं येतं. आमच्याकडं हे सगळ्यांना माहीत. निषादला माहीत नव्हतं. रविवारी दुपारी चार नंबरवर धूर दिसला आणि वसाहतीत एकच पळापळ झाली. पाहुण्यांनी पोरं उचलली. एक नंबरच्या प्लॉटवरचा राजू, जो फोटोत छान दिसतो म्हणून नेमलेला, त्यानं घंटा बडवली. निषाद बादली घेऊन धावला आणि जाग्यावरच थबकला. गोजराबाईनं राबाच्या भोवती गोल पट्टा खणून ठेवला होता आणि वाऱ्याच्या उलट बाजूनं आग लावली होती. आग पट्ट्यापाशी येऊन शहाण्यासारखी विझत होती.

तिकडं प्रेरीला वणवे लागत, तेव्हा वसाहतवाले घराभोवती असाच पट्टा नांगरत. निषादच्या डोळ्यांत पाणी आलं. "आजी, ही पद्धत आपणांस कुणी शिकवली?"

"सासूनं."

निषादनं वळून पाहुण्यांना सांगितलं, की मानवजात सर्वत्र एक आहे. मग गोजराबाईला विनंती केली, की हा प्रयोग दर रविवारी पाच वाजता करता येईल काय?

"राब काय दर रईवारी भाजत्यात व्हय? भाकरी हाय का ती?" गोजराबाई म्हणाली आणि राखेत पाणी शिंपडायला गेली.

मेमध्ये निषादनं पुढचा बेत जाहीर केला. प्रेरीवर धान्य साठवायची उंच लाकडी कोठारं असतात. तसलंच एक पाच मजली बांधायचं, आत पाहुण्यांच्या खोल्या. कोठार दोन नंबरवर, आणि गाड्या लावायला चार नंबर. काम पावसाच्या आत सुरू करायचं होतं, म्हणजे सोहळ्याच्या दुसऱ्याच दिवशी. गोजराबाईला हे मी सांगितलं, तेव्हा तिनं फक्त मडक्यावरचा शेणाचा लेप चाचपून पाहिला.

मेचा शेवटचा रविवार आला. मांडवात दोनशे पाहुणे. भोंग्यावरून शेडगे घराण्याची भूमी मान्य झाली. मग ठरल्याप्रमाणं मी राजूचं नाव पुकारलं. राजूला लाल लाखेचा शिक्का मारलेला कागद मिळाला, त्यानं टोपी हवेत उडवली, फोटो झाले. कार्यक्रम इथं संपायचा होता.

गोजराबाई उठली. नऊवारीवर तिला दिलेला झालरींचा पांढरा एप्रन घट्ट बांधून ती माझ्या टेबलासमोर येऊन उभी राहिली. "माजा बी दावा हाय."

पाहुण्यांनी मोबाइल वर केले. मी निषादकडं पाहिलं. तो हसत होता, त्याला वाटलं हे मीच बसवलंय. मी नोंदवही उघडली. 

"नाव?"

"गोजराबाई शेडगे. लिवा."

"जमिनीवर किती दिवस राहिलात?"

"एक्क्यान्नव. येक रात बी चुकली न्हाई."

"किती मोडली?"

"पाच गुंठं. मोजा."

"घर?"

"त्ये काय दिसतंय."

"साक्षीदार?"

जोहराबी म्हशीचा कासरा धरूनच पुढं आली. तिनं छातीवर हात ठेवला. "अल्लाची शपथ घिऊन सांगते, ही बाई खोटं बोलत न्हाई. मी रोज संध्याकाळी हिला हितं सोडून जाते अन् सकाळी हितंच गाठते. मेल्या म्हशीला झोप येत न्हाई हिच्या कुदळीच्या आवाजानं." दुसरा साक्षीदार म्हणून राजूनंही हात वर केला. त्याची टोपी अजून सापडली नव्हती.

मी पेन उचललं. नोकरीत मी पुष्कळ कागदांवर सह्या केल्या. न झालेल्या सहलींच्या अहवालांवर, न आलेल्या पोरांच्या हजेरीवर. कशाचंच काही वाटलं नव्हतं. पण समोरच्या कागदातला शब्द न शब्द खरा होता, आणि कागद मात्र कसल्याच उपयोगाचा नव्हता. असा प्रसंग माझ्यावर पहिल्यांदाच आला. मी सही केली, मोठी, पूर्ण नावाची. निषादनं लाल शिक्का मारला, वाकून तिच्या हातात कागद दिला आणि दोनशे माणसांनी टाळ्या वाजवल्या.

मांडव उठल्यावर मी तिला बाजूला गाठलं. "गोजराबाई, तुम्हाला फसवलंय असं वाटायला नको. हा कागद तलाठ्याकडं चालणार नाही."

"तलाठ्याकडं कोन निगालंय?" ती म्हणाली. "मी काय येडी हाय? मला जिमीन नगं सर, ती गेली. मला दिवाळीपत्तुर पायजे. भात पिकाया तेवढंच लागतंय."

दुसऱ्या दिवशी सकाळी पावणेनऊला जेसीबी आला.

मी बसमधून उतरलो तेव्हा तो फाटकातून आत शिरत होता. गोजराबाई कागद हातात धरून वाटेत उभी होती. ड्रायव्हर हॉर्न वाजवत होता. "मौसी, हटो ना, टाइम जा रहा है।"

गोजराबाई वळली. फाटकाजवळ घोड्यावर वाल्मीक बसला होता, लाल डगल्यात घामानं भिजलेला, नजर घोड्याच्या मानेवर. ती सरळ त्याच्यापुढं गेली आणि दोन वर्षांत पहिल्यांदा त्याच्या तोंडाकडं बघून बोलली.

"हवालदार."

वाल्मीकनं मान वर केली.

"माज्या जिमिनीत ह्ये यंत्र घुसतंय. माज्याकडं कागुद हाय. शिक्का हाय. तुमी कशाला बसलाय हितं?"

वाल्मीकला कामावर घेताना मीच शिकवलं होतं, की वसाहतवाल्याच्या रीतसर दाव्याचं रक्षण करणं हे घोडेस्वार पोलिसाचं पहिलं कर्तव्य. तेव्हा तो जांभया देत होता. आता त्यानं कागद हातात घेतला, वरपासून खालपर्यंत वाचला, ओठ हलवत, सातवीत वाचायचा तसा. माझी सही बघितली. मग घोडा आडवा घालून जेसीबीच्या समोर उभा केला.

"मागं घ्या," तो ड्रायव्हरला म्हणाला. त्याचा आवाज फुटला होता. "ह्या बाईची जिमीन हाय. माज्या आयची."

लाल डगला, टोपी, कमरेला पट्टा. परराज्यातला ड्रायव्हर गांगरला. एवढ्या कपड्यांचा माणूस नक्की कुठल्या खात्याचा, हे त्याला कळेना. त्यानं गिअर मागं टाकला आणि जेसीबीचा मागं जातानाचा हॉर्न सुरू झाला. त्यात त्यानं हौसेनं लग्नातलं एक गाणं भरून घेतलं होतं. घोड्यानं कान टवकारले आणि नाचायला सुरुवात केली. वाटेच्या बरोबर मधोमध, पुढचे पाय उचलून, गोल गोल. वाल्मीक लगाम ओढतोय, टोपी उडाली, डोळ्यांतनं पाणी गळतंय आणि घोडा काही थांबेना. जेसीबीला आत यायला वाट उरली नाही. मी हसू लागलो.

निषाद धावत आला, हातात नऊच्या मजकुराचा कागद. गाणं बंद झालं. घोडा थांबला. सोमवारची रजा काढून आलेले दहा-बारा पाहुणे भोवती जमले होते.

"आजी," निषाद हात जोडून म्हणाला, "आपला काही गैरसमज झाला आहे. कालचा सोहळा हा केवळ देखावा होता. कृपया समजून घ्यावे. ते खरे नाही."

"खरं न्हाई?" गोजराबाई म्हणाली. "बरं. आन् तू रोज सकाळच्या पारी भोंग्यावर सांगतो, जिमीन शेडग्यांची हाय, त्ये?"

निषाद गोंधळला. त्याच्या आयुष्यात त्यानं मनापासून मानलेल्या ज्या चार गोष्टी असतील, त्यातली ती एक होती. "ते... ते खरे आहे."

"मग ह्यो कागुद का खोटा?"

निषादनं माझ्याकडं पाहिलं, मी हॅट नीट केली.

"बाळा," गोजराबाई हळू आवाजात म्हणाली, "मी काय भांडाया आली न्हाई. तू पैसं दिलं, ह्यानं घेतलं, संपलं. पर तू रोज आमचं नाव घितो, बाराव्याला घित्यात तसं. मी जित्ती हाय की रं. समोर हुबी हाय. दोनातलं येक तरी खरं कर."

निषादनं हातातला कागद घडी घालून खिशात ठेवला. नऊ वाजून गेले. त्या दिवशी भोंगा वाजला नाही.

"आपणांस किती दिवस हवेत?" त्यानं शेवटी विचारलं.

"दिवाळी."

"आणि मोटारी कुठे उभ्या कराव्यात?"

"त्या आभाळाच्या मागं लई जागा हाय," गोजराबाईनं फ्लेक्सकडं बोट दाखवलं.

गाड्या क्षितिजाच्या मागं गेल्या. पाहुण्यांना वाटलं, हीही प्रेरीची पद्धत.

दुसऱ्या दिवशी गोजराबाईनं मडकं फोडलं. कडुलिंबाचा पाला आणि राख बाजूला सारून दाणे सुपात घेतले. कोरड्या राबावर पेरणी झाली. मग पाऊस आला आणि सगळी वसाहत विरघळायला लागली. राजूचं घर दोन दिवसांत चिखल झालं. जोहराबीच्या म्हशीचा गालिचा भिजून इतका जड झाला की म्हैस बसली ती उठेना, तेव्हा तो एकदाचा उसवला. क्षितिज वाऱ्यानं फाटलं आणि मागची टेकडी हिरवीगार होऊन पुढं आली. बावीस शुभेच्छुक नाल्यात पडले.

आम्ही रोज राबावर वाकून बघायचो. सहावा दिवस, सातवा, आठवा. काही नाही. गोजराबाई जेवत नव्हती. मी पौडहून कृषी खात्यातला एक जुना ओळखीचा माणूस आणला, तो म्हणाला, तिसऱ्या वर्षी आशा कमीच. तो गेल्यावर ती मला म्हणाली, "माजंच चुकलं. पैल्याच साली कुनाच्या बी पाया पडून पेराया पायजे हुतं. सासूनं विचारलं तर काय सांगू?" आणि ती पाऊस अंगावर घेत तशीच बसून राहिली. 

अकराव्या दिवशी सकाळी तिची हाक आली. माझ्या नावानं नव्हती.

"वाल्या! ए वाल्या! हिकडं ये, बघ!"

वाल्मीक फाटकावरून धावत गेला, डगल्यासकट चिखलात गुडघ्यावर बसला. काळ्या राखेतून पोपटी टोकं वर आली होती. दाट नव्हती. दहा दाण्यांतला एखादा उगवला असेल. पण होती. दोघं मायलेकं त्या टोकांवर वाकून एकमेकांशी काय बोलत होती, ते मी ऐकलं नाही आणि ऐकायला गेलोही नाही.

जुलैत लावणी झाली. निषाद स्वतः खाचरात उतरला, पहिल्यांदा पालथा पडला, दुसऱ्यांदा शिकला. भोंग्यावरचा मजकूर त्यानं त्यानंतर वाचला नाही. कार्तिकात भात कापला. वासानं वसाहतीतल्या सगळ्या माश्या आणि सगळे पाहुणे चार नंबरवर जमले होते. बियाणं निघालं ते अडीच पायल्या. गोजराबाईनं कागद निषादला परत दिला, घर मोडून माती सपाट केली आणि ती घरी गेली, वाल्मीकच्या पाठीमागं घोड्यावर बसून. बी तिनं एका मडक्यात ठेवलं नाही. जोहराबीला दिलं, राजूच्या सासऱ्याला दिलं, निषादला दिलं. मला एक मूठ दिली.

"मला कशाला?" मी म्हणालो. "माझ्याकडं खाचर कुठंय?"

"त्ये मला काय म्हाईत. तुमी मास्तर हाय."

पुढच्या जूनमधली गोष्ट. रविवारी दुपारी दाराची बेल वाजली. तीन मजले चढून गोजराबाई धापा टाकत उभी होती, काखेत माझीच जुनी नोंदवही, वसाहतीत राहिलेली. पाणीसुद्धा न घेता ती थेट गॅलरीत गेली. तिथं बायकोच्या शिव्या खात मी ठेवलेली एक निळी बादली होती. तिच्यात माती, मातीत तिनं दिलेले मूठभर दाणे, वर राख. गॅस शेगडीवर शेणाची गोवरी भाजल्यामुळं आमच्या इमारतीत माझ्याविरुद्ध दोन अर्ज झाले होते.

ती बादलीपाशी उकिडवी बसली. नोंदवही मांडीवर उघडली, उलटी धरली, आणि माझ्याकडं बघितलं.

"किती वरीस झालं हितं ऱ्हाऊन?"

"सहा."

"निजायला हितंच?"

"इथंच."

"मोडली किती?"

"एक बादली," मी म्हणालो. माझा आवाज बारीक झाला होता.

तिनं बादलीत बोट घातलं. राखेच्या खाली काहीतरी हिरवं, केसाएवढं, वाकडं उभं होतं. तिनं ते डोळे बारीक करून बराच वेळ पाहिलं. मग माझ्याकडं पेन मागितलं आणि नोंदवहीच्या पानावर, जिथं निरीक्षकानं सही करायची असते तिथं, अंगठ्याला शाई चोळून अंगठा उठवला.